नाव पात्राचं, मेहनत नटाची

अवसरी खुर्दहून पुणे-नाशिक रस्त्याला लागून उत्तरेकडे निघालं, की मंचर आणि कळंब मागे टाकून नारायणगाव येतं. गुढीपाडव्याच्या सुमारास तिथे तमाशाच्या फडांच्या राहुट्या लागतात. आंबेगाव, जुन्नर, खेड, शिरूर आणि त्यापलीकडच्या तालुक्यांतल्या यात्रा कमिट्यांची माणसं राहुट्या हिंडतात, फडमालकासमोर बसतात, तारीख आणि रक्कम ठरवतात, सुपारी देतात. मग गावात यात्रेची पत्रिका निघते. पत्रिकेत फडाचं नाव ठळक असतं. ज्याच्या जिवावर गाव मध्यरात्र उलटेपर्यंत जागं राहतं, त्या सोंगाड्याचं नाव असलंच तर खाली बारीक अक्षरात. यात्रा संपल्यावर पारावर गप्पा निघतात त्या मात्र त्याच्याच. फक्त त्याला नावाने कुणी ओळखत नाही. "तो हवालदार झालेला," एवढीच त्याची ओळख उरते.

विनोदी पात्रं रंगवणाऱ्या नटाच्या कारकिर्दीचं सगळं कोडं या एका ओळखीत आहे. तो जितका चांगला, तितका पात्राआड लपतो. लोकांना पात्र आवडतं, आणि मग ते त्याला दुसरं काही करू देत नाहीत. तंबूतल्या सोंगाड्याला ही अडचण होतीच. घरोघरी टीव्ही आल्यावर ती कैक पटींनी वाढली. मराठीत या अडचणीतून सगळ्यांत मोकळेपणाने बाहेर पडलेला नट म्हणजे दिलीप प्रभावळकर. पण त्यांची वाट समजून घ्यायची तर सुरुवात तमाशापासूनच करावी लागते.

सोंगाड्याचं शिक्षण

तमाशाची बांधणी ठरलेली असते. आधी गण, मग गवळण, बतावणी आणि शेवटी वग. गवळणीत कृष्णाचा सवंगडी पेंद्या असतो, गौळणींची मावशी असते. पुरुषाने लुगडं नेसून उभी केलेली ही मावशी आणि तिची फिरकी घेणारे गडी, इथून हशा सुरू होतो. वगात राजा, प्रधान, सावकार, पाटील येतात आणि त्यांच्या शेजारी नोकर, शिपाई किंवा भोळा गडी म्हणून सोंगाड्या उभा राहतो. राजाची भाषा पल्लेदार, सोंगाड्याची गावची. राजा जे बोलू शकत नाही ते सोंगाड्या बोलतो. गावच्या सरपंचापासून मुंबईतल्या मंत्र्यापर्यंत कुणालाही चिमटा काढायची मुभा त्याला असते, कारण तो 'येडा' असतो.

वगाचं कथानक ठरलेलं असलं, तरी सोंगाड्याचे संवाद बरेचदा त्या रात्री, त्या गावात जन्मतात. दसऱ्याला फड बाहेर पडतो आणि बुद्ध पौर्णिमेच्या सुमारास हंगाम संपतो. या सात-आठ महिन्यांत रोज नवं गाव, नवी माणसं. सोंगाड्याने गावात शिरताच यंदा पाऊस कसा झाला, कुणाची निवडणूक गाजली, कांद्याला काय भाव मिळाला हे कानावर घ्यायचं आणि रात्री वगात पेरायचं. त्यामुळे पात्र तेच असलं तरी सोंगाड्या शिळा होत नाही.

पुणे जिल्ह्यातच याचं सर्वांत मोठं उदाहरण घडलं. मावळातल्या इंदुरी गावचे दादू इंदुरीकर 'गाढवाचं लग्न' या वगात सावळ्या कुंभार उभा करत. हरिभाऊ वडगावकरांनी लिहिलेला हा वग दादूंनी इतका फुलवला, की लिहिलेलं कुठे संपतं आणि उत्स्फूर्त कुठे सुरू होतं हे प्रेक्षकाला कळत नसे. 1973 साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. गावच्या जत्रेतला सोंगाड्या देशपातळीवर कलावंत म्हणून ओळखला गेला. पुढे सावळ्याची भूमिका प्रकाश इनामदार यांनी केली, आणि 2007 च्या चित्रपटात मकरंद अनासपुरे सावळ्या झाले. रंगमंचावरचं पात्र असं हातोहात पुढे जातं, नव्या नटाच्या अंगात शिरतं.

सांगलीजवळच्या कवलापूरच्या जुळ्या भावांच्या बाबतीत मात्र पात्र नटांना चिकटून बसलं. लहू आणि अंकुश खाडे या नावांनी त्यांना फार थोडे लोक ओळखत. 'जहरी प्याला' या वगात त्यांनी काळू आणि बाळू हे दोन हवालदार रंगवले आणि आयुष्यभर ते काळू-बाळूच राहिले. फडाचं नावही तेच झालं. त्यांना या नावाचं ओझं झालं नाही. त्यांनी त्याचाच फड उभा केला आणि नावावर उभ्या महाराष्ट्रात बाऱ्या लावल्या. फड स्वतःचा, तंबू स्वतःचा, मग पात्रही स्वतःच्या मालकीचं. टीव्हीच्या नटाला ही मालकी मिळत नाही.

बारा भागांचा वेटर

इंग्लंडमध्ये हा प्रकार फार ठळकपणे दिसतो, कारण तिथे विनोदी मालिकांची परंपरा जुनी आहे आणि एकेका मालिकेचे भाग अगदी थोडे असतात. 'फॉल्टी टॉवर्स' या बीबीसीच्या मालिकेचे एकूण भाग फक्त 12. सहा 1975 मध्ये आणि उरलेले सहा 1979 मध्ये. एका हॉटेलातला मान्युएल नावाचा स्पॅनिश वेटर, ज्याला इंग्रजी धड समजत नाही आणि जो मालकाच्या हातचा सतत मार खातो, ही त्यातली एक भूमिका. ती करणारा अँड्र्यू सॅक्स स्पॅनिश नव्हता. 1930 साली बर्लिनमध्ये जन्मलेला, ज्यू वडिलांचा हा मुलगा नाझींच्या छळामुळे लहानपणीच कुटुंबाबरोबर लंडनला आला होता. म्हणजे परक्या भाषेत अडखळणं काय असतं हे त्याने स्वतः भोगलं होतं.

याच सॅक्सने 1978 मध्ये बीबीसी रेडिओसाठी एकही संवाद नसलेलं, केवळ आवाजांवर उभं असलेलं नभोनाट्य लिहून सादर केलं. नट म्हणून त्याची झेप केवढी होती हे त्यावरून कळतं. पण 2016 साली तो गेला तेव्हा बातम्यांचे मथळे मान्युएलचेच होते. जेमतेम सहा तासांच्या कामाने अर्ध्या शतकाची कारकीर्द झाकून टाकली.

तंबूत हे इतकं घडत नाही आणि टीव्हीवर घडतं, याची कारणं साधी आहेत. तमाशाचा खेळ सकाळी विरून जातो, तर टीव्हीवरचं पात्र चित्रफितीत गोठतं आणि पुन्हा पुन्हा दिसतं. तंबूत मागच्या रांगेपर्यंत पोचायला आवाज आणि हातवारे मोठे करावे लागतात. टीव्हीवर कॅमेरा नटाच्या नाकासमोर असतो, म्हणून भुवईची हालचालही पुरते. एवढ्या जवळून पाहिलेला माणूस प्रेक्षकाला घरातलाच वाटू लागतो. आणि घरातला माणूस उद्या वेगळाच होऊन आला तर कुणाला रुचणार?

दूरदर्शनवरचं पहिलं कुटुंब

मुंबई दूरदर्शन केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झालं आणि पुढच्या वर्षी त्याचे कार्यक्रम पुण्यातही दिसू लागले. वाहिनी एकच होती. त्यामुळे जे लागायचं ते सगळेच पाहायचे. ज्यांच्या घरी संच असे, त्यांच्या ओट्यावर शेजारपाजारच्या चपलांचा ढीग जमायचा. 'गजरा'सारख्या कार्यक्रमातून छोटी प्रहसनं दिसू लागली. मग 1977 मध्ये 'चिमणराव गुंड्याभाऊ' ही मालिका आली.

पात्रं नवी नव्हती. चिं. वि. जोशी हे बडोद्यात पालीचे प्राध्यापक. त्यांनी चिमणराव आणि त्याचा मावसभाऊ गुंड्याभाऊ यांना 1930 च्या दशकात कागदावर आणलं. चिमणराव म्हणजे पापभीरू, गोंधळलेला, किरकोळ अंगाचा पुणेरी कारकून. गुंड्याभाऊ धिप्पाड, मिशाळ, कुठल्याही संकटात आधी उडी मारणारा आणि मग फसणारा. 1940 च्या 'लग्न पाहावं करून' या मास्टर विनायकांच्या चित्रपटात दामुअण्णा मालवणकर चिमणराव झाले होते आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. म्हणजे मालिका येईपर्यंत हे पात्र दोन पिढ्यांच्या ओळखीचं होतं. लेखक स्वतः 1963 साली निवर्तले होते.

तरीही 1977 ते 1979 या काळात कृष्णधवल पडद्यावर दिसलेले चिमणराव आणि गुंड्याभाऊच मराठी मनात कायमचे बसले. दिलीप प्रभावळकर चिमणराव होते, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. बारीक आणि आडदांड ही जोडी विनोदात जुनीच, पण या दोघांनी ती ओरडून वाजवली नाही. चिमणरावाचा घाबरटपणा त्याच्या अडकणाऱ्या वाक्यांत होता, गुंड्याभाऊचा रुबाब त्याच्या उभं राहण्यात. लोकांना इतकं आवडलं, की 1979 मध्ये याच जोडीला घेऊन चित्रपटही निघाला.

बाळ कर्वे यांचं पुढे काय झालं? ते पेशाने सिव्हिल इंजिनियर आणि मुंबई महापालिकेत नोकरीला होते. अवसरी खुर्दमध्ये 2009 पासून शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालय आहे. तिथे शिकणाऱ्या मुलामुलींना हे ऐकून गंमत वाटेल, की ज्याला सगळा महाराष्ट्र दंडुका घेतलेला गुंड्याभाऊ म्हणून ओळखत होता, तो दिवसा महापालिकेची इंजिनियरकी करत होता. त्या काळात बहुतेक मराठी नटांचं असंच असे. नोकरीवर घर चाले आणि संध्याकाळी तालीम. पगाराची चिंता नसल्यामुळे हे नट मिळेल ती भूमिका घ्यायला बांधील नव्हते, हा त्याचा मोठा फायदा. कर्वे यांनी रंगभूमीवर, मालिकांत, चित्रपटांत पुढेही अनेक भूमिका केल्या. ऑगस्ट 2025 मध्ये, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी, ते गेले. वर्तमानपत्रांत मथळा काय होता हे सांगायला नको. गुंड्याभाऊ गेले.

चिमणरावाच्या तावडीतून सुटका

प्रभावळकरांचंही तेच व्हायला हवं होतं. 4 ऑगस्ट 1944 चा जन्म, औषध कंपनीतली नोकरी, रत्नाकर मतकरींच्या संस्थेतून नाटकाची सुरुवात आणि तिशी ओलांडल्यावर हाती लागलेला चिमणराव. दुसऱ्या एखाद्या नटाने तोच कोट आणि तीच टोपी घालून वीस वर्षं काढली असती. तशी मागणीही असते. निर्मात्याला चाललेलं पात्र हवं असतं, प्रेक्षकाला ओळखीचा चेहरा.

त्यांनी यातून कशी वाट काढली ते क्रमाने पाहण्यासारखं आहे.

पहिली गोष्ट म्हणजे, चिमणराव येण्याआधीच त्यांच्या खात्यावर दुसऱ्या टोकाचं काम होतं. मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या' या बालनाट्यात त्यांनी चेटकीण रंगवली होती. मुलं घाबरतील आणि त्याच वेळी खदखदून हसतील असा आवाज काढणं ही मोठी कसरत आहे. तमाशातली मावशी ज्या ताकदीवर उभी राहते, तीच ताकद इथेही लागते. मतकरींच्याच 'आरण्यक'मध्ये त्यांनी महाभारतातला म्हातारा विदुर केला. मतकरींकडे त्यांना वय, लिंग, सूर सगळं बदलायची सवय लागली.

दुसरी गोष्ट, विनोदाच्या अगदी उलट बाजूला त्यांनी जाणीवपूर्वक पाय टाकला. जयवंत दळवींच्या 'नातीगोती'मध्ये ते मतिमंद मुलाचे बाप झाले. रोजच्या हालांनी खचलेला आणि तरी ऑफिसची बस चुकू नये म्हणून धडपडणारा मध्यमवर्गीय माणूस. मग 1991 च्या 'चौकट राजा' चित्रपटात त्यांनी स्वतःच तसा मुलगा, नंदू, रंगवला. एकाच दुःखाच्या दोन बाजू एकाच नटाने दाखवल्या. 'साळसूद' या मालिकेत ते गोड बोलून गळा कापणारे खलनायक झाले. चिमणरावाचा चेहरा तोच, पण त्यावर आता लोकांचा विश्वास बसेना.

तिसरी गोष्ट सगळ्यांत महत्त्वाची. ते स्वतः लिहीत होते. 'हसवाफसवी' हे नाटक त्यांनीच लिहिलं आणि त्यात स्वतःसाठी एकाच प्रयोगात सहा भूमिका रचल्या. पडद्यामागे मिनिटा-दोन मिनिटांत वेश बदलायचा आणि दुसरा माणूस होऊन बाहेर यायचं. त्यांतले कृष्णराव हेरंबकर हे संगीत रंगभूमीचे थकलेले गायक नट. हशा ऐन भरात असताना तो म्हातारा येतो आणि प्रेक्षागृह गप्प होतं. इथे प्रेक्षक पात्राला नव्हे, पात्रं बदलणाऱ्या नटाला दाद देऊ लागले. कोणतंही एक सोंग चिकटू नये यासाठी सहा सोंगं एकाच रात्री दाखवणं, यापेक्षा चोख उत्तर दुसरं कुठलं असेल?

1993 मध्ये महेश कोठारे यांचा 'झपाटलेला' आला. त्यात ते तात्या विंचू नावाचा गुंड झाले. पुढे त्याचा आत्मा बाहुल्यात शिरतो. बाहुला रामदास पाध्ये यांचा, आवाज प्रभावळकरांचा. शहरातल्या आणि गावातल्या लहान मुलांची एक पिढी या बाहुल्याला घाबरत मोठी झाली, आणि त्यातल्या कित्येकांना तो आवाज चिमणरावाचा आहे हे माहीतही नव्हतं.

मग 2001 मध्ये त्या वेळच्या अल्फा मराठी वाहिनीवर 'श्रीयुत गंगाधर टिपरे' सुरू झाली. प्रभावळकरांच्याच 'अनुदिनी' या वर्तमानपत्री सदरावर आधारलेली, केदार शिंदे यांनी दिग्दर्शित केलेली. आबा, शेखर, श्यामला, शिऱ्या आणि शलाका अशी एका घरातली पाच माणसं. दिवस संपला की आपापली डायरी लिहिणारी. आबांची भूमिका खुद्द लेखकाने केली, वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी सत्तरी पार केलेला आजोबा होऊन. सासू-सुनांच्या कारस्थानांनी वाहिन्या भरलेल्या असताना, काहीच न घडणारं हे घर चार वर्षं लोकांनी प्रेमाने पाहिलं. चिमणरावासारखाच हा साधा मराठी माणूस. फरक एवढाच की चिमणराव दुसऱ्या लेखकाचा होता, आबा त्यांचे स्वतःचे. त्यामुळे कुठे थांबायचं हे त्यांच्या हातात होतं.

2006 मध्ये 'लगे रहो मुन्नाभाई'त ते गांधीजी झाले. हिंदी प्रेक्षकांना या माणसाचा चिमणराव ठाऊक नव्हता, तात्या विंचूही नव्हता. त्या वर्षी या चित्रपटासाठी आणि मराठी 'शेवरी'साठी मिळून त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आणि 2025 च्या 'दशावतार'मध्ये, वयाची ऐंशी ओलांडल्यावर, ते तळकोकणातले बाबुली मेस्त्री हे दशावतारी नट झाले. रात्र-रात्र देवळासमोर सोंगं घेणारा लोककलावंत. घाटावर तमाशा, तळकोकणात दशावतार. पेट्रोमॅक्सच्या उजेडात वाढलेले दोन्ही जत्रेचेच खेळ.

टाळीचं वाक्य आणि त्याची किंमत

पु. ल. देशपांडे यांनी लिहिलेला आणि जब्बार पटेल यांनी दिग्दर्शित केलेला 'एक होता विदूषक' 1992 मध्ये आला. तमाशातला सोंगाड्या सिनेमात तारा होतो, राजकारणाच्या कच्छपी लागतो आणि हसवण्याची मूळ कळ हरवून बसतो, अशी ती गोष्ट. मुख्य भूमिकेत लक्ष्मीकांत बेर्डे. समीक्षकांनी त्यांचं कौतुक केलं, पण प्रेक्षकांना आपला हसवणारा लक्ष्याच हवा होता. चित्रपट चालला नाही. चित्रपटाची गोष्ट आणि नटाची कहाणी अशी एकमेकांत मिसळलेली उदाहरणं मराठीत फार नाहीत.

आज काळ आणखी पुढे गेला आहे. 2014 मध्ये सुरू झालेल्या 'चला हवा येऊ द्या'ने आणि 2018 पासूनच्या 'महाराष्ट्राची हास्यजत्रा'ने विनोदी नटांची मोठी फळी घराघरांत पोचवली. भाऊ कदम, सागर कारंडे, समीर चौघुले, विशाखा सुभेदार, नम्रता संभेराव, गौरव मोरे. यांची बांधणी बतावणीच्या फार जवळची आहे. दहा-पंधरा मिनिटांचं प्रहसन, मोकळं नेपथ्य, एक टर उडवणारा आणि एक उडवून घेणारा. पुरुषाने साडी नेसून केलेली मावशीही तिथे भेटते.

बदललं आहे ते प्रसाराचं गणित. आता प्रहसनातलं एक वाक्य कापून मोबाइलवर फिरतं. टाळीचं वाक्य जमलं, की तेच पुढच्या आठवड्यात पुन्हा, त्याच्या पुढच्या आठवड्यात पुन्हा. सोंगाड्याला रोज नवं गाव मिळायचं म्हणून तो रोज नवं बोलायचा. आजच्या नटाला रोज तोच प्रेक्षक मिळतो आणि तरी तेच वाक्य मागितलं जातं. यात नटाचा दोष थोडा, मागणाऱ्यांचा जास्त.

म्हणून या कारकिर्दींकडे पाहताना एक कसोटी लावावी असं वाटतं. नट किती हसवतो यापेक्षा, हसवणं थांबवूनही त्याला आपण पाहायला तयार आहोत का? प्रभावळकर या कसोटीला उतरले, कारण त्यांनी लेखणी स्वतःच्या हातात ठेवली आणि एका चेहऱ्यात मुक्काम केला नाही. दादू इंदुरीकर उतरले, कारण शब्द त्यांचे स्वतःचे होते. ज्याच्या तोंडी दुसऱ्याचंच वाक्य आणि तेच ते वाक्य राहतं, तो कितीही गुणी असला तरी पात्राखाली गाडला जातो.

वाचकांना, विशेषतः आंबेगाव-जुन्नर पट्ट्यातल्या यात्रा कमिट्यांना एक विनंती. पुढच्या पाडव्याला नारायणगावच्या राहुटीत सुपारी देताना फडमालकाला सोंगाड्याचं पूर्ण नाव आणि गाव विचारा, आणि यात्रेच्या पत्रिकेत ते फडाच्या नावाइतक्याच मोठ्या अक्षरांत छापा. छपाईला एक रुपयाही जास्त लागणार नाही.